डेन्मार्कची साधी माणसं स्वतःला डॅनिश म्हणतात तेव्हा त्यांच्या मनात काय असतं?

फलटणकरीण

नमस्कार मंडळी. मी डेन्मार्कमधल्या ऑर्हूस शहरात राहते, वृद्धांच्या निवासात काम करते. दिवसभर गाठ पडते ती डॅनिश आजी-आजोबांशी, त्यांना भेटायला येणाऱ्या मुला-नातवंडांशी आणि माझ्यासोबत शिफ्ट करणाऱ्या साध्यासुध्या लोकांशी. आयटी ऑफिसात भेटणारे डॅनिश वेगळे आणि हे वेगळे, म्हणून मुद्दाम लिहितेय. ग्रीनलंडवरून अमेरिकेशी ताणाताणी सुरू झाल्यापासून कॉफीच्या टेबलावर सारखा एकच विषय निघतो, की आपण म्हणजे नक्की कोण. तर मीही सरळ विचारायला लागले, की तुम्हाला आपण डॅनिश आहोत असं नेमकं कधी वाटतं.

उत्तरं ऐकून जे जाणवलं ते आधीच सांगते. एकानेही थोर परंपरा, पराक्रम असं काही काढलं नाही. प्रत्येकाने रोज किंवा दरवर्षी करायची एखादी गोष्ट सांगितली.

आमच्याकडे एक आजोबा आहेत, आयुष्यभर दुधाचा टँकर चालवला. त्यांची अजून एक कोलोनीहावे आहे. म्हणजे शहराच्या कडेला भाड्याच्या जमिनीचे छोटे छोटे तुकडे असतात, त्यावर लाकडी खोपटं, चार बटाट्याची रोपं, सफरचंदाचं झाड आणि हमखास एक झेंड्याची काठी. पाहुणे येणार असले की झेंडा, नातू परीक्षा पास झाला की झेंडा, कुणी गेलं तर अर्ध्यावर. सूर्य मावळायच्या आत उतरवायचा म्हणजे उतरवायचाच, त्यात हयगय नाही. मी म्हटलं आमच्याकडे झेंडा म्हटलं की १५ ऑगस्ट, २६ जानेवारी, शाळा आणि सरकारी कचेरी. ते म्हणाले आमचा झेंडा सरकारपेक्षा घरचा जास्त आहे. आणि खरंच, वाढदिवसाच्या केकवर कागदी झेंडे, ऑफिसात ज्याचा वाढदिवस त्याच्या टेबलावर पितळी दांडीचा छोटा झेंडा, कोपनहेगन विमानतळावर आपलं माणूस घ्यायला आलेल्यांच्या हातात झेंडे. आपल्याकडे दाराला तोरण लावतात ना, ते काम इथे झेंडा करतो. १२१९ मध्ये आजच्या एस्टोनियात लढाई चालू असताना हा झेंडा, डॅनेब्रॉ, आकाशातून पडला अशी दंतकथा इथलं प्रत्येक पोर सांगतं, पण सामान्य माणसाला आपल्या घरावर तो लावायची परवानगी मिळाली १८५४ मध्ये. आजोबांना ही दुसरी तारीख पाठ होती, पहिलीबद्दल ते म्हणाले की ती गोष्ट आहे, छान आहे.

माझ्यासोबत काम करणारी एक जण आहे, पस्तिशीची, दोन मुलं, गावाकडून आलेली. ती म्हणाली मला डॅनिश वाटतं ते रस्त्याकडेच्या टपरीवरून बटाटे घेताना. इथे शेतकरी घरासमोर लाकडी कपाट मांडून ठेवतात, त्यात बटाटे, स्ट्रॉबेरी, मध, अंडी, बाजूला भावाची पाटी आणि पैसे टाकायला डबा, आता मोबाईलपेचा नंबर. माणूस कुणीच नसतं. तिचं म्हणणं असं की मी कुणी बघत नसताना पैसे भरते आणि तो कुणी बघत नसताना माल ठेवून जातो, आम्ही एकमेकांना कधी भेटलो नाही तरी आमचं काहीतरी नातं आहे. हे सांगताना तिच्या आवाजात अभिमान होता आणि मला तो फार आवडला.

कर हा तर सगळ्यांच्याच बोलण्यात आला. इथे विक्रीकर २५ टक्के, पगारातून जातो तो निराळा, आणि तरी चिडचिड करणारे फार भेटले नाहीत. एक काका (प्लंबर होते, आता निवृत्त) म्हणाले की माझ्या बायकोला कॅन्सर झाला तेव्हा हॉस्पिटलचं बिल असं काही आलंच नाही, सरकारी आरोग्यसेवेचं पिवळं कार्ड दाखवलं, झालं. माझा मुलगा इंजिनियर झाला, फी नाही, उलट शिकताना सरकारनेच दरमहा पैसे दिले. मग मी कर भरतो तो कुणाला देतो, स्वतःलाच ना.

अजून बरंच आहे, सवडीने लिहिते. तुमच्यापैकी जे इथे राहतात त्यांना काय दिसलं तेही लिहा ना.


जुना_वाचक

उत्तम धागा. लोक पराक्रमाचं बोलत नाहीत असं तुम्ही लिहिलंत, त्यामागे मोठा इतिहास आहे आणि तो पराभवाचा आहे, म्हणून थोडं लिहितो.

१८६४ मध्ये प्रशिया आणि ऑस्ट्रियाने डेन्मार्कचा पराभव केला. १८ एप्रिलला ड्युबुलच्या मोर्च्यावर डॅनिश सैन्य मोडलं आणि श्लेसविग, होल्स्टाइन, लाउएनबुर्ग हे तिन्ही प्रांत गेले. राज्याचा सुमारे एक तृतीयांश भाग हातातून गेला. त्याआधी १८१४ मध्ये नॉर्वे गेलेलाच होता. एकेकाळचं बऱ्यापैकी मोठं राज्य अगदी छोटं होऊन बसलं. अशा वेळी देश एक तर सूडाच्या गोष्टी करत बसतो किंवा खचतो. डेन्मार्कमध्ये जे झालं ते मला कायम विलक्षण वाटत आलंय. बाहेर गमावलं ते आत कमवू या, हा विचार लोकांनी उचलला. १८६६ मध्ये एन्रिको डाल्गासच्या पुढाकाराने हीथ सोसायटी निघाली आणि जटलंडच्या वैराण माळरानावर झाडं लावून, पाणी फिरवून तिथे शेती उभी केली.

दुसरीकडे ग्रुंडविग नावाचा पाद्री, कवी, विचारवंत. त्याच्या विचारातून फोक हायस्कूलं निघाली, पहिलं १८४४ मध्ये रोडिंगला. शेतकऱ्यांच्या तरुण मुलांनी हिवाळ्यात, मुलींनी उन्हाळ्यात येऊन राहायचं, इतिहास, भाषा, गाणी शिकायची, चर्चा करायच्या. परीक्षा नाही, पदवी नाही. आजही नाही. गंमत बघा, १८६४ नंतर रोडिंग सीमेपलीकडे गेलं तेव्हा ती माणसं सीमेच्या अलीकडे आस्कोवला आली आणि तिथे नव्याने सुरुवात केली.

मग १८७० च्या दशकात अमेरिका-रशियाचं स्वस्त धान्य युरोपात आलं आणि डॅनिश शेतकऱ्याचा गहू मातीमोल झाला. त्याने धान्य सोडून लोणी आणि डुकराचं मांस धरलं. १८८२ मध्ये यॅडिंग गावात पहिली सहकारी डेअरी झाली. नियम असा की ज्याच्या दहा गाई त्यालाही एक मत आणि ज्याची एक गाय त्यालाही एकच. आपल्याकडे प्रवरानगरला १९५० मध्ये विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळांनी शेतकऱ्यांचा साखर कारखाना उभा केला त्यामागचं तत्त्व हेच, एक सभासद एक मत. त्यामुळे आपल्या नगर-कोल्हापूरच्या माणसाला डेन्मार्क वाटतो तेवढा परका नाही. फरक कुठे पडला असेल याचा मी पुष्कळ विचार केलाय. मला वाटतं त्यांची डेअरी आणि त्यांची फोक हायस्कूलं एकाच वेळी एकाच माणसांच्या हातात होती, सहकार चालवणारा शेतकरी आधी तिथे राहून वादविवाद करून आलेला होता.


ठाणे_ते_थिस्टेड

+१. टपरीवरच्या बटाट्याबद्दल अगदी खरंय, आमच्या रस्त्यावर एकजण तर जुनी पुस्तकंपण तशीच ठेवतो. बाकी गावात राहायचं तर क्लबमध्ये नाव घालायलाच लागतं, हँडबॉल, शिवण, कबुतरं काहीपण. नाव घातलं की आपोआप ओळखी होतात, नाही घातलं तर वर्ष वर्ष कुणी बोलत नाही.


सीमेवरचा_नीलेश

मी दक्षिण जटलंडमध्ये सोन्नरबोर्गला असतो, कंपनीमुळे आपली बरीच मुलं इकडे आहेत. ड्युबुलचा टेकडीवरचा मोर्चा घरापासून सायकलने जाण्यासारखा. वरचं वाचून राहवलं नाही म्हणून लिहितोय, कारण इथल्या माणसांचं 'डॅनिश असणं' आणि कोपनहेगनवाल्यांचं एकच नाही.

हा भाग १८६४ ते १९२० जर्मनीत होता. माझे घरमालक शेतकरी आहेत, ऐंशीच्या घरात, त्यांचे आजोबा घरी डॅनिश बोलायचे आणि पहिल्या महायुद्धात जर्मन गणवेश घालून लढले कारण कायद्याने ते जर्मन नागरिक होते. अशी हजारो पोरं गेली इथून. त्या काळात डॅनिश झेंडा लावायला बंदी, शाळेत डॅनिश नाही. डॅनिश मंडळींच्या सभागृहांना दारूचा परवाना मिळायचा नाही असं सांगतात, मग लोक कॉफी प्यायला जमायचे आणि प्रत्येक घरची बाई केक घेऊन यायची. त्यातूनच इथलं ते प्रसिद्ध कॉफीटेबल आलं, सात मऊ आणि सात कडक अशा चौदा प्रकारचे केक-बिस्किटं मांडायची. मालकीणबाई अजून वर्षातून एकदा मांडतात आणि मांडताना प्रत्येक केक कुणाच्या घरचा ते सांगतात. म्हणजे आपल्याला वाटतं खाण्याची हौस, पण त्यांच्यासाठी ती त्यांची चळवळ होती.

१९२० मध्ये सार्वमत झालं, उत्तरेच्या भागाने डेन्मार्क निवडलं, दक्षिणेच्या भागाने जर्मनी. बंदूक न उडवता सीमा ठरली. पण दोन्हीकडे काही लोक 'चुकीच्या' बाजूला राहिले. १९५५ मध्ये बॉन आणि कोपनहेगनमधून दोन्ही सरकारांनी जाहीरनामे काढले, त्यात एक वाक्य असं आहे की मी अल्पसंख्याक समाजाचा आहे असं जो म्हणतो तो त्या समाजाचा, सरकारने त्यावर शंका घ्यायची नाही आणि तपासायचंही नाही. म्हणजे आज जर्मनीत फ्लेन्सबुर्गला राहणारा, जर्मन पासपोर्टवाला माणूस म्हणाला मी डॅनिश, तर तो डॅनिश. विषय संपला. त्यांच्या डॅनिश शाळा आहेत, लायब्रऱ्या आहेत, त्यांच्या पक्षाचा एक खासदार २०२१ पासून जर्मन संसदेतपण आहे. इकडे सीमेच्या अलीकडे जर्मन शाळा आहेत.

मी घरमालकांना विचारलं होतं तुम्ही डॅनिश का. ते म्हणाले माझ्या आजोबांनी ठरवलं म्हणून. आजोबांच्या सख्ख्या भावाने जर्मन राहायचं ठरवलं, तो तिकडे तीन गावं सोडून राहायचा आणि नाताळला दोघं एकत्र जेवायचे.


रेश्मा_कोपनहेगन

धागा छान चाललाय, पण मला दुसरी बाजूपण मांडायची आहे आणि नीलेशच्या प्रतिसादामुळे ती मांडायला सोपं झालं.

मी कोपनहेगनच्या नोरेब्रो भागात एका शाळेत शिकवते. माझ्या वर्गात कितीतरी मुलं अशी आहेत ज्यांचे आजोबा १९६० च्या दशकाच्या शेवटी तुर्कस्तान, पाकिस्तान, युगोस्लाव्हियातून कारखान्यात काम करायला आले. १९७३ मध्ये सरकारने नवे कामगार घेणं थांबवलं पण आलेले राहिले. ही तिसरी पिढी. पोरं डॅनिशमध्ये स्वप्नं बघतात, एफसी कोपनहेगन या फुटबॉल क्लबसाठी घसा बसवतात, वाढदिवसाला केकवर तेच लाल-पांढरे झेंडे लावतात. आणि तरी त्यांना विचारलं जातं तू मूळचा कुठला. नोरेब्रो म्हटलं तर नाही नाही, मूळचा.

फ्लेन्सबुर्गच्या माणसाला नुसतं म्हटलं तरी पुरतं. इथे जन्मलेल्या माझ्या विद्यार्थ्याला पुरत नाही. आईबाबा परदेशी नागरिक असतील तर इथे जन्मूनही नागरिकत्व आपोआप मिळत नाही. मोठेपणी अर्ज केला तर परीक्षा द्यायची, ४५ प्रश्न, त्यातले ३६ बरोबर यायला हवेत, आणि २०२१ पासून 'डॅनिश मूल्यां'वर जे पाच प्रश्न असतात त्यातले चार तरी बरोबर हवेतच. मग नगरपालिकेच्या समारंभात हस्तांदोलन, ते २०१९ पासून सक्तीचं. आणि राज्यघटनेच्या ४४ व्या कलमामुळे नागरिकत्व फक्त कायद्यानेच देता येतं, म्हणजे अर्जदारांची नावं विधेयकात घालून संसदेत मंजूर होतात. एका विद्यार्थिनीचं नाव त्या यादीत आलं तेव्हा ती कागद घेऊन आली होती. तिला आनंद होता आणि रागही होता, दोन्ही एकदम. ती म्हणाली माझ्या वर्गातल्या बाकीच्यांची नावं कुठल्या कायद्यात आहेत?

मी डॅनिश लोकांना वाईट म्हणत नाहीये. मला इथे खूप चांगली माणसं भेटलीयत. पण फलटणकरीण, तुम्ही ज्या विश्वासाचं कौतुक करताय तो विश्वास ओळखीच्या पद्धतीने वागणाऱ्या माणसाला मिळतो. वेगळ्या पद्धतीने वागणाऱ्याला तो आधी कमवावा लागतो, आणि किती कमवला की पुरे हे कुणी सांगत नाही. २०१८ मध्ये चेहरा झाकायला बंदी आली, त्याच वर्षी बिगर-पाश्चिमात्य वंशाच्या लोकांचं प्रमाण बघून यादीत घातलेल्या वस्त्यांमधली भाड्याची घरं कमी करायला लावणारे कायदे आले. माझ्या शाळेतल्या एका मुलाच्या कुटुंबाला त्यापायी राहतं घर सोडायला लागलं, भाडं नियमित भरत असूनसुद्धा. त्याच्या आईला मी काय सांगू, की हा विश्वासावर चालणारा देश आहे?


पुण्याची_आजी

नमस्कार. मी इथे फक्त वाचत असते, पण लेक ओडेन्सला आहे म्हणून विचारते. नात सात महिन्यांची. व्हिडिओ कॉलवर बघते तर बाळाला बाबागाडीत घालून अंगणात झोपवलेलं, बाहेर बर्फ! लेक म्हणते आई इथे सगळे असंच करतात, पाळणाघरातसुद्धा. जावई डॅनिश आहेत, फार सालस, पण याबाबतीत ऐकत नाहीत. मला रात्रभर झोप लागली नाही. हे खरंच सगळे करतात का?


फलटणकरीण

आजी, अगदी सगळे करतात, काळजी नका करू. लोकरीचे थर, दुलई, गाडीला बेबी अलार्म, आणि बाळ आजारी असेल किंवा थंडी फारच असेल तर आतच. मी पहिल्यांदा एका कॅफेबाहेर ओळीने बाबागाड्या बघितल्या, आत आया कॉफी पितायत, तेव्हा मलाही धस्स झालं होतं. १९९७ मध्ये एका डॅनिश आईने न्यूयॉर्कमध्ये रेस्टॉरंटबाहेर असंच बाळ ठेवलं तर तिला अटक झाली होती, इकडे अजून त्याची आठवण काढतात. इथल्या आयांशी बोलले तर त्या दोन गोष्टी सांगतात, एक म्हणजे मोकळ्या हवेत मूल गाढ झोपतं आणि दुसरी म्हणजे कोण नेणार आहे ते? त्या दुसऱ्या वाक्यात सगळं आलं आजी.

@रेश्मा, तुझा प्रतिसाद दोनदा वाचला. तू म्हणतेस ते मलाही दिसतं आणि मी ते टाळून लिहिणार नाहीये. आमच्याकडे काम करणाऱ्यांमध्ये सोमाली, सीरियन, फिलिपिनो बायका पुष्कळ आहेत, या म्हाताऱ्या डॅनिश माणसांना शेवटचा घास भरवणारे हात बहुतेक त्यांचेच असतात. एक सीरियन मैत्रीण फार सुंदर डॅनिश बोलते, माझ्यापेक्षा किती तरी चांगलं. तिला विचारलं तर म्हणाली मी इथल्या आजींना नाताळची गाणी म्हणून दाखवते, त्यांना शब्द आठवत नाहीत तेव्हा मी आठवून देते, पण फॉर्मवर मी अजून परदेशीच आहे.

आणि तिने गाण्यांचं म्हटलं ते महत्त्वाचं आहे, कारण माझ्या सगळ्या बोलण्यात सर्वात जास्त वेळा आलेली गोष्ट कुठली असेल तर एकत्र गाणं. वर उल्लेख आलेली फोक हायस्कूलं वापरतात ते एक गाण्यांचं जाड पुस्तक असतं, घराघरात सापडतं, सभेच्या आधी, वर्गाच्या आधी, मयताच्या जेवणाला, कुठेही पुस्तक उघडतात आणि सगळे गातात. चांगला आवाज असायची अट नाही, खरं तर मोठ्याने सूर लावणाऱ्याकडे जरा वळून बघतात. निवासातल्या एका आजींचं वय पंचाण्णवच्या पुढे आहे, त्यांना सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही. पण १९४० मध्ये जर्मनांनी देश घेतल्यावर उन्हाळ्यात ऑल्बोर्गमधून सुरू होऊन गावोगाव लोक मैदानात जमून गायला लागले, त्यात त्या लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून होत्या, ते त्या सांगतात. बंदूक उचलण्यासारखी परिस्थितीच नव्हती, ९ एप्रिलला काही तासांत शरणागती झाली होती, त्याची बोच त्या पिढीला आहे. गाता येत होतं, तर गायलो, असं त्या म्हणतात. आणि मग १९४३ च्या ऑक्टोबरमध्ये सात हजारांहून जास्त ज्यूंना मासेमारीच्या होड्यांतून स्वीडनला पोचवलं, त्याचा उल्लेख करताना मात्र मान ताठ होते.

४ मेच्या संध्याकाळी त्या खिडकीत मेणबत्त्या लावायला सांगतात. १९४५ च्या त्या रात्री जर्मनांपासून सुटकेची बातमी रेडिओवर आली तेव्हा लोकांनी युद्धामुळे लावलेले खिडक्यांचे काळे पडदे काढून दिवे लावले होते. यंदा मेणबत्त्या लावल्या त्या माझ्या सीरियन मैत्रिणीने, तिची ड्युटी होती.

२०२० च्या लॉकडाऊनमध्येही हेच झालं. डीआर या सरकारी टीव्हीवर फिलिप फेबर हा गायनमंडळाचा संचालक रोज सकाळी पियानोवर बसायचा आणि घराघरातून लोक गायचे, त्या वर्षभरात एकटे पडलेले आमचे आजी-आजोबा त्या वेळेची वाट बघत असायचे.


जुना_वाचक

रेश्माताईंचा मुद्दा अगदी योग्य. मी भर घालतो. 'आम्ही छोटे, निरुपद्रवी' ही डॅनिश लोकांची स्वतःबद्दलची समजूत पूर्ण खरी नाही. तमिळनाडूतल्या तरंगंबाडीला त्यांनी १६२० मध्ये ठाणं वसवलं, बंगालमध्ये सेरामपूर होतं, दोन्ही १८४५ मध्ये इंग्रजांना विकली. कॅरिबियनमधली तीन बेटं गुलामांच्या श्रमावर चालणारी साखरेची वसाहत होती, ती १९१७ मध्ये अडीच कोटी डॉलरला अमेरिकेला विकली, तिथल्या लोकांना न विचारता. त्यातल्या सेंट क्रॉई बेटावर १८७८ मध्ये मजुरांचा उठाव झाला, त्याची एक नेती मेरी थॉमस. तिच्यावरून केलेला काळ्या स्त्रीचा भव्य पुतळा २०१८ मध्ये कोपनहेगनच्या बंदरात उभा राहिला तेव्हा कितीतरी साध्या डॅनिश लोकांनी हा इतिहास पहिल्यांदा ऐकला.


ठाणे_ते_थिस्टेड

मग ग्रीनलंडचं काय? इथे माझ्या वर्कशॉपमधले सगळे एकदम ग्रीनलंडच्या बाजूने बोलायला लागलेत, याआधी कधी नाव काढलेलं ऐकलं नव्हतं.


रेश्मा_कोपनहेगन

@ठाणे_ते_थिस्टेड, हाच प्रश्न माझ्या एका सहकारी शिक्षिकेने स्टाफरूममध्ये विचारला. तिची आई ग्रीनलंडच्या राजधानीतली, नूकची. १९५३ पर्यंत ग्रीनलंड वसाहत होती, १९७९ मध्ये होमरूल, म्हणजे मर्यादित अंतर्गत कारभार, आणि २००९ मध्ये त्याहून व्यापक स्वशासन मिळालं. मधल्या काळात काय काय झालं ते डॅनिश शाळेत फारसं शिकवत नव्हते. १९५१ मध्ये २२ ग्रीनलंडी मुलं 'छोटे डॅनिश' बनवायला म्हणून आईबापांपासून तोडून इकडे आणली, त्याची माफी मागायला २०२० उजाडलं. साठ-सत्तरच्या दशकात हजारो बायका-मुलींना, कित्येकींना न विचारता, गर्भनिरोधक कॉइल बसवल्या, त्याची माफी २०२५ मध्ये पंतप्रधान मेटे फ्रेडरिक्सन यांनी मागितली.

ती म्हणाली की आता सगळे म्हणतात ग्रीनलंड आमचं कुटुंब आहे, पण माझी आई चाळीस वर्षं इथे राहून तिच्या जिन्यातल्या शेजाऱ्यांच्या घरी कधी जेवायला गेली नाही. कुटुंब म्हणायचं तर आधी जेवायला बोलवा. मग बाकीचे बराच वेळ बोलले, आणि मला सांगायला बरं वाटतं की कुणी तिचं म्हणणं उडवून लावलं नाही. एक वयस्कर सर म्हणाले आम्हाला जर्मनांनी आमची भाषा शाळेतून काढली त्याचं दुःख पाठ आहे, आम्ही तेच दुसऱ्यांना केलं ते मात्र माहीत नव्हतं.


सीमेवरचा_नीलेश

वरच्या सरांचं वाक्य मी घरमालकांना सांगितलं. ते बराच वेळ गप्प बसले आणि म्हणाले बरोबर आहे त्यांचं.

थोडं वेगळं, पण इथे लिहावंसं वाटतंय. वसंतात स्टोरे बेडेडॅग म्हणजे मोठा प्रार्थनादिन असायचा, १६८६ पासूनची सुट्टी. आदल्या संध्याकाळी वेलदोड्याचे गरम पाव भाजून लोणी लावून खायचे. सरकारने संरक्षण खर्चासाठी पैसे हवेत म्हणून २०२३ मध्ये कायदा करून ही सुट्टी काढली, २०२४ पासून तो कामाचा दिवस. तेव्हा कोपनहेगनला केवढा मोर्चा निघाला होता! चर्चला कधी न जाणारे माझे टीममेट चिडले होते. मी विचारलं एका सुट्टीसाठी एवढं? तर एकजण म्हणाला सुट्टीचं नाही रे, आम्हाला न विचारता ठरवलं. इथे कुठलीही गोष्ट युनियन, मालक, सरकार सगळे टेबलाशी बसून ठरवतात, आणि हे तसं झालं नाही. पाव मात्र लोक अजून भाजतात, कामाला जायचं असलं तरी.


पुण्याची_आजी

सगळं वाचतेय, फार चांगलं लिहिताय सगळे. लेकीला फोन केला. जावई म्हणाले तुम्ही पुढच्या उन्हाळ्यात या, तुम्हीच गाडी अंगणात ठेवा आणि शेजारी खुर्ची टाकून बसा. जायचं ठरवतेय. फलटणकरीण, एक विचारू का? तुम्ही तिथलं नागरिकत्व घेणार का? लेकीचं अजून ठरत नाहीये.


फलटणकरीण

आजी, आमच्याही घरात एकमत नाही. डेन्मार्कने २०१५ पासून दुहेरी नागरिकत्वाला परवानगी दिली पण भारत देत नाही, म्हणजे आपला पासपोर्ट सोडून ओसीआय कार्ड (परदेशी नागरिक झालेल्या भारतीयांना मिळतं ते) घ्यायचं. नवऱ्याला ते जड जातंय, फलटणला वडिलांची शेती आहे आणि त्याला तिथे कधीतरी परत जायचंय. मुलगी इथेच जन्मली, तिला मत द्यायचंय, सरळ सांगते की मी अठराची झाले की मला मत हवं, मी या शहराची आहे. इथे संसदेच्या निवडणुकीला ८० टक्क्यांच्या वर लोक मत देतात, तिच्या सगळ्या मैत्रिणी पुढच्या वेळी देणार आणि ही घरी बसणार, ते तिला सहन होत नाही.

माझं म्हणाल तर मी भाषेची परीक्षा पास झालेय, नागरिकत्वाच्या परीक्षेला पुढच्या सत्रात बसणार आहे. अर्ज करायचा की नाही ते त्यानंतर बघू. आणि @रेश्मा, तुझ्या त्या विद्यार्थिनीला चालणार असेल तर माझ्या मुलीशी तिचं बोलणं करून देशील का? व्यनि (खाजगी निरोप) करते.